लाल टाका, हिरवा टाका

मूठभर मिरी पाण्यात टाकली की खरी मिरी तळाला बसते आणि पपईची वाळवलेली बी वर तरंगते. हे मला शाळेत असल्यापासून ठाऊक आहे, कारण आमच्या घरात दुसरा विषयच नव्हता. बाबा अन्न तपासणीस होते, आता मी आहे. इतरांच्या घरी जेवताना गप्पा होतात, आमच्याकडे पंचनामे व्हायचे.

तर त्या दिवशी मसाल्याच्या दुकानातल्या काकू माझ्या टेबलासमोर येऊन उभ्या राहिल्या आणि त्यांनी माझीच तपासणी सुरू केली.

"पपईच्या बिया म्हणे! एवढ्या बिया मी आणू कुठून? अख्ख्या गावाच्या पपया मीच खाल्ल्या काय?"

हसू येत होतं, पण हसायची सोय नव्हती. त्यांच्या दुकानातली मिरी प्रयोगशाळेत नापास झाली होती आणि नोटीस मीच बजावली होती. सोमवारी सुनावणी होती. परवाना रद्द होणार, हे कार्यालयातला शिपाईसुद्धा सांगत होता. काकूंचं दुकान म्हणजे एक खोली, एक दळायचं यंत्र आणि वर पोटमाळ्यावर संसार. नवरा गेल्यापासून दोन मुलींची शिक्षणं त्या यंत्रावर चालली होती. परवाना गेला की यंत्र बंद, आणि यंत्र बंद की सगळंच बंद.

"मी फक्त पोतं सोडते आणि पुड्या बांधते. पोतं आलं गोदामातून. त्या शेठला विचारा की!"

"विचारलं, काकू. त्याच्या मालाचा नमुना पास झालाय. दर वर्षी होतो."

"म्हणजे मी खोटी?"

राग आला, पण नक्की कुणाचा ते कळेना. काकू डोळे पुसत निघून गेल्या आणि मी दिवसभर सगळ्यांवर खेकसत राहिले.

माझा स्वभावच वाईट. एखादी गोष्ट जुळली नाही की घास गिळवत नाही. शेठची मिरी शुद्ध, काकूंची भेसळीची, आणि दोन्ही एकाच गोदामातली. मग मधल्या मध्ये बिया घुसल्या कुठे? काकूंनी घातल्या असतील तर माझ्यासमोर इतकं चिडायचं धाडस त्यांना झालं असतं का? झालंही असतं म्हणा. साळसूद चेहऱ्याची माणसं मी पुष्कळ पाहिली आहेत. पण काकूंचा चेहरा साळसूद अजिबात नव्हता, चांगला भांडकुदळ होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी बाबांच्या उकडलेल्या अंड्याशेजारी मी दोन वाट्या ठेवल्या. एकीत गोदामातून नमुना घेताना उरलेली मिरी, दुसरीत काकूंच्या मिरीतले फक्त बुडालेले, म्हणजे खरे दाणे.

"चावून बघा," मी म्हटलं.

बाबांनी पहिल्या वाटीतला एक दाणा दाढेखाली धरला आणि तोंड वाकडं केलं. "म्हातारी आहे गं ही. माझ्याएवढी नसेल, पण म्हातारी. नुसता भुसा." मग दुसऱ्या वाटीतला दाणा चावला आणि त्यांना असा ठसका लागला की मी धावत पाणी आणलं. "अगं, ही तर याच हंगामातली! जीभ पोळली माझी!"

"नक्की?"

"माझ्या डोळ्यांतलं पाणी दिसतंय ना तुला?"

मी खुर्चीवर बसलेच. काकूंच्या पुडीतली खरी मिरी ताजी होती आणि गोदामातली जुनाट. काकूंनी गोदामातल्या त्याच मालात बिया मिसळल्या असत्या, तर त्यांची खरी मिरीही तेवढीच म्हातारी निघायला हवी होती. बिया कुणीही मिसळेल, पण मिरी तरुण कोण करणार?

"म्हणजे काकूंना मिळालेलं पोतं आणि तुला दाखवलेलं पोतं, दोन्ही वेगळी," बाबा म्हणाले. त्यांचे डोळे चमकले. अंडं तसंच राहिलं. "जा, बघ जाऊन. आणि दाभण घेतलंस का?"

दाभण म्हणजे पोती शिवायची जाड सुई. बाबांची एक शिस्त होती. नमुना काढायला पोत्यात पोकळ सळई खुपसली की पोत्याला भोक पडतं. बाकीचे तपासणीस त्यावर अंगठा फिरवून मोकळे होतात. बाबा त्यावर लाल दोऱ्याने फुली घालायचे. व्यापाऱ्याचा एक दाणाही सांडता कामा नये, हा त्यांचा हट्ट. ते निवृत्त झाले आणि मी नोकरीला लागले तेव्हा त्यांनी दाभण माझ्या हातात ठेवलं आणि म्हणाले, "लाल माझा. तू तुझा रंग घे, ठमे." मी हिरवा घेतला. कार्यालयात आमची यथेच्छ टिंगल होते. होऊ दे.

गोदामात शेठने नेहमीसारखं स्वागत केलं. "या, ताई, या! गोदाम तुमचंच आहे." खुर्ची आली, पंखा लागला, थंड सरबत आलं. समोर पोत्यांची थप्पी छतापर्यंत. तळाच्या रांगेपुढे रिकामी खोकी रचलेली, म्हणजे खाली वाकायची सोय नाही. वर चढायला शिडी हवी.

"शिडी कुठाय, शेठ?"

"अहो, मोडली. दुरुस्तीला टाकलीय."

माझ्या मनात पाल चुकचुकली. या गोदामाच्या मोडक्या शिडीचा किस्सा मी कॉलेजात असताना बाबा सांगायचे. इतकी वर्षं कुठली शिडी दुरुस्तीला असते?

वर हात पोचत नाही, खाली खोकी. उरली कमरेएवढी रांग. मी दर वर्षी तिथेच सळई घालत होते, कारण हात आपोआप तिथेच जातो. मी त्या रांगेतल्या एका पोत्याला नाक लावलं. मिरीने नाक झोंबायला हवं, तर नुसता तागाचा वास. पुढची रांग आणि मागची थप्पी यांच्यात हात जाईल एवढी फट होती. मला काय वाटलं कोण जाणे, मी हात आत घातला आणि पोत्याची मागची बाजू चाचपली.

बोटाला दोऱ्याची फुली लागली.

"ताई, आत विंचू असतात हो!" शेठ घाईघाईने म्हणाला.

"असू देत. हे पोतं बाहेर काढा."

"अहो, सगळी थप्पी कोसळेल..."

"काढता की मी काढू?"

दोन हमालांनी पोतं ओढून काढलं. थप्पी काही कोसळली नाही. पोत्याच्या मागच्या अंगाला हिरव्या फुल्या होत्या, माझ्या. आणि खालच्या अंगाला, मळून काळपट झालेल्या, लाल. टाका पडला की ती बाजू आत फिरवायची आणि पुढच्या तपासणीला कोरी बाजू बाहेर ठेवायची. शेजारची पोतीही तशीच निघाली. ही रांग विकायची नव्हतीच, ही आम्हाला दाखवायची रांग होती. मला आधी मोठ्याने हसू आलं, काय डोकं लावलंय म्हणून. मग त्या लाल फुल्यांकडे पाहिलं आणि बाबा आठवले.

तशीच खोक्यांवर पाय देऊन वर चढले. मागे हमाल "पडाल, ताई, पडाल" करत होते. सगळ्यात वरच्या पोत्यात सळई घातली आणि निघालेली मूठ पाण्याच्या बाटलीत ओतली. निम्मे दाणे खाली गेले, निम्मे बाटलीच्या गळ्याशी गोळा झाले.

शेठचा चेहरा क्षणभर उतरला, पण गडी पोचलेला. "तो माल परत आलेला आहे, ताई. त्याच बाईंनी बिया घालून परत पाठवलाय. मी विकतो तो समोरच्या रांगेतला. आणि तुम्हाला काकूंना सोडवायचंच असेल, तर हिरवे टाके काय, तुम्ही काल येऊनसुद्धा घातले असतील."

मेला बोलला ते नेमकं वर्मावर. माझ्या हिरव्या टाक्यांना सुनावणीत कोण विचारणार? ही रांग वर्षानुवर्षं हललेली नाही, हे सिद्ध करायला लाल टाकाच हवा होता. लाल टाका ओळखणारा माणूस एकच होता, आणि तो घरी अंडं तसंच टाकून माझी वाट बघत होता.

घरी जाताना मी मुद्दाम लांबचा रस्ता धरला. बाबांना मान होता तो एवढ्याच गोष्टीचा, की त्यांनी पास केलेल्या मालाकडे दुसऱ्यांदा बघावं लागत नाही. आता त्यांना काय सांगू? तुम्ही पास केलेला माल कधी विकलाच गेला नाही म्हणून?

सांगितलं. सगळं, एका दमात.

"कुठल्या रांगेत?" त्यांनी विचारलं.

"कमरेएवढ्या."

बाबा उठले, स्वयंपाकघरातल्या फळीसमोर जाऊन उभे राहिले आणि सळई धरल्यासारखा हात पुढे केला. "इथे?"

"हो."

"हात तिच्या मारी! माझं माप घेतलं की गं त्याने! शिंप्यानेसुद्धा इतकं बरोबर घेतलं नसतं." ते खदखदून हसले. मीही हसले. मग ते हसायचे थांबले आणि हात तसाच फळीवर राहिला.

"मी निवृत्त झालो तेव्हा शेठ घरी आला होता," ते हळूच म्हणाले. "म्हणाला, साहेब, तुमच्याइतका कडक माणूस बघितला नाही. मला फार बरं वाटलं होतं, ठमे."

मला रडू कोसळणार होतं. "बाबा, तुम्ही नाही आलात तरी चालेल."

"मग त्या बाईचं काय होईल?"

"दुकान जाईल."

"मग विचारतेस काय? माझा इस्त्रीचा शर्ट काढून ठेव."

सोमवारी सुनावणीच्या खोलीत मधोमध ते पोतं ठेवलं होतं, पाहुण्यासारखं. एका बाजूला शेठ, दुसऱ्या बाजूला काकू. काकूंनी पदराचं टोक बोटाला गुंडाळून गुंडाळून बोट पांढरंफटक केलं होतं. सुनावणी घेणारे साहेब वयाने लहान आणि बोलायला सभ्य होते.

बाबांनी चष्मा लावला, गुडघ्यावर बसले आणि फुलीवर बोट ठेवलं. "मी डावखुरा आहे. माझ्या फुलीचा वरचा धागा उलटीकडे झुकतो. हा बघा. आणि हा मुलीचा हिरवा, सरळ. लाल टाके माझेच."

साहेब वाकून पाहू लागले. शेठ बाबांकडे वळून खाकरला. त्याचा आवाज अगदी मऊ झाला.

"साहेब, तुमच्याबद्दल मला आदर आहे. पण जरा विचार करून बोला. म्हणजे तुमच्या अख्ख्या नोकरीत तुम्ही माझ्याकडे येऊन हीच पोती तपासलीत, असं तुमचं म्हणणं आहे?"

खोलीत सगळे बाबांकडे बघायला लागले. एक 'कदाचित' म्हटलं असतं, 'नक्की आठवत नाही' म्हटलं असतं, तरी त्यांची अब्रू वाचली असती. वयही झालं होतं, कुणी दोष दिला नसता.

"हो," बाबा म्हणाले. "दर वेळी हीच. तसंच लिहून घ्या."

मग त्यांनी माझ्याकडे हात पुढे केला. मी दाभण दिलं. नव्याने नमुना घ्यायचा होता, तर त्यांनी आपलीच एक लाल फुली उसवली. दोरा इतका कुजला होता की हातातच तुटला. भोकातून जुनाट दाणे फरशीवर सांडले आणि बाबांनी ते गोळा केले नाहीत.

काकूंचा परवाना राहिला. गोदामाला त्याच संध्याकाळी सील लागलं.

बाहेर पायरीवर काकू बाबांच्या पाया पडायला वाकल्या. बाबा मागे सरकले. काकू उभ्या राहिल्या, घुटमळल्या, आणि मनात आलं ते त्यांनी सरळ विचारलं. त्यांचा काही वाईट हेतू नव्हता.

"साहेब, मग इतकी वर्षं मी लोकांना विकलं तरी काय?"

"मी पास केलेलं," बाबा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी सकाळी काकूंच्या धाकट्या मुलीने एक पुडी आणून दिली, नव्या ठिकाणाहून आणलेल्या मिरीची. बाबांनी अंडं सोललं, पुडी फोडली आणि सगळी मिरी पाण्याच्या पेल्यात ओतली. आम्ही दोघं टेबलावर हनुवट्या टेकून बघत बसलो. एकेक करत सगळे दाणे तळाला गेले. वर काहीच राहिलं नाही.

"झालं, बाबा. खा आता."

"थांब जरा," ते म्हणाले, आणि अंडं गार होईपर्यंत पेल्याकडे बघत राहिले.