तिसरं औषध

तिजानीनं बर्कला आपल्या बुरनुसात, टोपीच्या लोकरी झग्यात, गुंडाळून आणलं आणि तपासणीच्या टेबलावर ठेवलं. सलुगी जातीचा तो उंच शिकारी कुत्रा पाय पसरून थरथरत होता, तोंडातून लाळ गळत होती, डोळ्यांच्या बाहुल्या फुगून वाटाण्याएवढ्या झाल्या होत्या.

"तुमच्याच गोळ्या, डॉक्टरीणबाई," तिजानी म्हणाला. "तेव्हाच म्हटलं होतं, एका पोटात दोन औषधं नकोत."

अल-काफ गावातल्या त्या जनावरांच्या दवाखान्यात डॉ. नजीबानं आरोप पुष्कळ ऐकले होते, पण पहिला संशय ती नेहमी स्वतःवरच घेई. तिनं तिजानीनं सोबत आणलेली खाजेच्या गोळ्यांची डबी उघडून मोजणी केली. दिल्या होत्या तीस, रोज एक, अठरा दिवस. बारा उरल्या होत्या. पिसवांची महिन्याची गोळी शुक्रवारी दिली, तीही वजनाप्रमाणे. ही दोन औषधं एकत्र चालतात, हे तिनं देण्यापूर्वी तपासलं होतं. तरीही कुत्रा समोर लटपटत होता.

"तिसरं काही दिलंत?"

"काही नाही."

"गावठी तेल? शेजाऱ्याची गोळी?"

"अल्लाची शपथ, काही नाही. मी काय खोटारडा आहे?"

तो खोटं बोलत नव्हता, एवढं तिला दिसत होतं. म्हणूनच तिचा संशय वाढला. तिनं बर्कच्या मानेवरचे केस मागे सारून बोटं फिरवली. कातडीखाली हरभऱ्याएवढी मऊ गाठ लागली.

"हे काय?"

"काटा रुतला असेल."

दाराशी उभ्या असलेल्या त्याच्या बायकोनं, जोहरानं, नजर खाली वळवली.

"जोहराताई, शनिवारी घरी काय चाललं होतं?"

"मेंढ्यांना जंताच्या सुया. दरवर्षीसारख्या."

"आणि सुईत उरलेलं?"

"ते बर्कला टोचलं," जोहरा सहज म्हणाली. "माझे वडीलही कुत्र्यालाच द्यायचे. फेकून का द्यायचं?"

तिजानी गोंधळला. "पण ते औषध कुठं होतं? ते तर उरलेलं होतं!"

नजीबानं खुर्ची ओढून घेतली. उरलेलं म्हणजे किती, हे जोहरानं बोटांनी दाखवलं: दोन-तीन मेंढ्यांचं. मेंढीला सोसतं ते कुत्र्याला सोसेलच असं नाही. त्यात शुक्रवारची पिसवांची गोळी पोटात असताना ते जंताचं औषध मेंदूत अधिक शिरतं.

"याला उतारा नाही," ती म्हणाली. "सलाईन देऊ, ऊब देऊ, वाट पाहू. पिसवांची गोळी मी सांगेपर्यंत बंद. आणि घरून काहीही आणायचं नाही. उरलेलं तर मुळीच नाही."

"आता उरलं तर यांनाच टोचते," जोहरा नवऱ्याकडे बोट दाखवत म्हणाली.

"मला कशाला? मी काय मेंढी आहे?"

"मेंढी तरी सांगितलेलं ऐकते."

तीन दिवस बर्क तसाच पडून होता. जोहरा रोज येऊन ओल्या फडक्यानं त्याचं तोंड पुसत असे. चौथ्या सकाळी तिचा आवाज ऐकताच त्याची शेपटी दोनदा टेबलावर आपटली.

"उठला! उठला, बाई!" तिजानी ओरडला.

शेपटीच्या साक्षीवर नजीबाचा विश्वास नव्हता. तिनं बॅटरी पेटवून त्याच्या डोळ्यावर धरली आणि श्वास रोखून पाहत राहिली. चार दिवसांत पहिल्यांदाच बाहुली उजेडात हळूच आकसली.

तिनं बॅटरी दुसऱ्या डोळ्याकडे वळवली.