साठ वार डाळिंबं

मी माग बोलतोय. रेशमाचा माग, अक्रोडाच्या लाकडाचा. ल्यों शहरात क्र्वा-रूसच्या टेकडीवर मी अठ्ठेचाळीस वर्षं उभा होतो, आणि माझा आवाज तीन मजले खाली ऐकू जायचा.

तिवोलेंच्या घरी मला आणलं तेव्हा फ्रान्सवर राजा होता. मग प्रजासत्ताक आलं, मग सम्राट आला, मग लढाई हरून तोही गेला आणि पुन्हा प्रजासत्ताक आलं. आम्हा मागांना यातला फरक नक्षीवरून कळायचा. सम्राटाच्या काळात मी त्याच्या राजचिन्हातल्या मधमाश्या विणल्या. तो गेला त्या आठवड्यात मधमाश्या बंद झाल्या, आणि अर्धवट राहिलेलं ठाण कोणी न्यायलाच आलं नाही.

आमची खोली माझ्यासाठी बांधलेली होती. माझ्या डोक्यावर भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची लांब माळ फिरायची, म्हणून छत नऊ हात उंच, आणि मोठी खिडकी माझ्या बाजूला. घरची माणसं चुलीच्या वर ठोकलेल्या माळ्यावर निजायची. तिथे उठून बसलं तर डोकं आपटायचं. उजेड आधी मला मिळायचा, उरलेला त्यांना.

एक गोष्ट आधी सांगायला हवी. नक्षी पुठ्ठ्यात असते, ती कोणीही विणली तरी तीच उतरते. पण धोट्याने आडवा धागा टाकल्यावर तो ठोकून बसवायला फणी किती जोराने ओढायची, ते पुठ्ठ्यात नसतं. ते हातात असतं, आणि दोन माणसांचे हात सारखे नसतात. मध्येच विणणारा बदलला तर कापडावर आडवा पट्टा उठतो. साध्या डोळ्याला तो दिसेलच असं नाही, पण उजेडात तिरकं धरलं की दिसतो. म्हणून टेकडीवर रिवाज होता: ज्याने ठाण सुरू केलं त्यानेच ते संपवायचं.

क्लोद्यूस तिवोले माझा दुसरा मालक. बापाच्या मागे तो माझ्यावर बसला आणि तीस वर्षं बसला. त्याचा हात टेकडीवर नावाजलेला होता. आम्हाला रेशीम आणि काम देणाऱ्या व्यापाऱ्याच्या पेढीवरचा कारकून गेर्ला दर गुरुवारी काम बघायला यायचा. तो कापडावर अंगठा फिरवायचा आणि काही न बोलता जायचा. त्याचं न बोलणं हीच शाबासकी असायची.

मग क्लोद्यूसचे डोळे गेले. एकदम नाही. आधी काळ्या रेशमावरचा तुटलेला धागा दिसेना, मग पिवळ्यावरचा, मग समोरचा माणूस म्हणजे एक सावली झाली. घरात हे तिघांना ठाऊक होतं: क्लोद्यूस, त्याची बायको फ्लरी आणि मुलगा जोआनेस. चौथा मी. विणणारा पायाने दाबतो त्या माझ्या पावड्यांना पाय ओळखू येतात.

जोआनेस अठरा वर्षांचा असल्यापासून विणू लागला. बापाशेजारी उभं राहून शिकलेला, त्यामुळे हात तसाच होता, बापाच्या चांगल्या दिवसांतल्यासारखा. गुरुवारी जिन्यात गेर्लाचे बूट वाजले की जोआनेस बाकावरून उठायचा आणि क्लोद्यूस बसायचा. गेर्ला अंगठा फिरवायचा. दोन वर्षं असं चाललं.

पॅरिसमधल्या कोणा सावकाराच्या दिवाणखान्याच्या भिंतींसाठी साठ वारांचं ठाण आलं. गडद लाल, त्यावर लालच डाळिंबं, बघण्याचा कोन बदलला की दिसणारी. पेढीने सांगितलं होतं, हे तिवोलेच्याच हातचं हवं. जोआनेसने ते सुरू केलं, आणि चौथा वार चालू असताना त्याचं नाव लष्कराच्या सोडतीत आलं.

विसाव्या वर्षी सगळ्यांना ती सोडत असायची. नगरभवनात मडक्यात हात घालायचा. मोठा आकडा निघाला तर वर्षभरात घरी, लहान निघाला तर पाच वर्षं, आणि अगदी लहान निघाला तर नौदलाच्या पायदळात. पोरं आपला आकडा टोपीला लावून ढोल वाजवत गल्लीतून फिरायची. जोआनेस टोपी हातात धरून आला. त्याचा आकडा सात होता.

कायद्यात एक फट होती. विधवेच्या मुलाला सूट, आणि आंधळ्या बापाच्या मुलाला सूट. त्यासाठी डॉक्टरचा दाखला आणि तीन बापांच्या साक्षी लागायच्या. तेही असे बाप, ज्यांची पोरं त्याच सोडतीत आहेत, कारण एक सुटला की पुढच्या आकड्यावर पाळी यायची.

खालच्या मजल्यावरचा पेलूझ त्याच संध्याकाळी वर आला.

"सही मी करतो," तो म्हणाला. "माझ्या पोराचा आकडा एकशे बारा. तुझा सुटला तरी माझ्यापर्यंत धग येत नाही."

"आणि काय म्हणून सही करणार?" क्लोद्यूसने विचारलं.

"तू आंधळा आहेस म्हणून. परवा जिन्यात माझ्या बायकोला म्हणालास, पेलूझ, दाढी कर लेका. ती बाई अजून आरसा सोडत नाही."

फ्लरी हसली, जोआनेसही हसला.

"जिन्यात अंधार होता," क्लोद्यूस म्हणाला.

"दुपारचे बारा वाजले होते."

पेलूझ गेल्यावर क्लोद्यूस म्हणाला, "गेर्लाला कळेल."

"कळू दे, बाबा," जोआनेस म्हणाला. "मी घरी असलो तर काम मी मागून आणीन."

"दोन वर्षं तिवोलेच्या नावावर पोराने विणलं, हे कळल्यावर? या टेकडीवर आपल्याला कोणी पायपुसणंसुद्धा विणायला देणार नाही."

"मग पायपुसणी न विणता जगू," फ्लरी म्हणाली. "कागद कर."

कागद झाला. डॉक्टरची सही, तीन बापांच्या सह्या. एप्रिलमध्ये पोरांची भरतीची तपासणी होती, आणि कागद तिथेच दाखवायचा होता. त्या सकाळी फ्लरीने कागद क्लोद्यूसच्या कोटाच्या आतल्या खिशात ठेवला आणि वरून बटण लावलं. बापलेक एकमेकांचा हात धरून जिना उतरले.

ते परत आले तेव्हा जोआनेस खिडकीकडे गेला. फ्लरीने कोट खुंटीला लावताना खिसा चाचपला. बटण तसंच होतं. आत कागद होता, घडी न मोडलेला.

"दाखवला नाहीस."

"गेर्ला होता तिथे," क्लोद्यूस म्हणाला. "त्याचा पुतण्या रांगेत होता. त्याने लांबून हाक मारली, काय तिवोले, डाळिंबं पिकत आली का? मी म्हटलं, पिकतायत. त्यानंतर तो कागद कसा काढणार होतो मी?"

फ्लरीने सूप वाढलं. क्लोद्यूसचा वाडगा रोज उजव्या हाताशी असायचा. त्या दिवशी तिने तो डावीकडे, लांब ठेवला. त्याचा हात नेहमीच्या जागी गेला. तिथे नुसतं लाकूड होतं. मग तो हात टेबलभर फिरू लागला.

"इथे तू आंधळा आहेस," फ्लरी म्हणाली. "तिथे चारशे माणसांत तुला दिसत होतं."

जोआनेस आला आणि त्याने वाडगा बापाच्या हातात दिला. "पाच वर्षं जातील, आई. नौदलवाले बंदरात बसून मासे खातात म्हणे."

मग तो माझ्यावर येऊन बसला. मला वाटलं, आज फणी जोरात बसेल. नाही बसली. रोजच्यासारखीच बसली. त्या साठ वारांत ती दुपार कुठे आहे, हे मलाही दाखवता येणार नाही.

टाँकिन हे नाव तोवर आमच्या घरात कोणी उच्चारलं नव्हतं. उन्हाळ्यात ते वर्तमानपत्रांतून आलं. तिकडे चीनच्या कडेला लढाई सुरू झाली होती आणि नौदलाचं पायदळ पाठवत होते. गेर्ला खुशीत होता. "टाँकिन हाती आलं की कच्चं रेशीम थेट आपल्या घाटावर उतरेल," तो म्हणाला. "जोआनेस, येताना रेशमाच्या गासडीवर बसूनच ये."

"बघतो, साहेब," जोआनेस म्हणाला. तो तेव्हा माझ्या बाजूला उभा होता, आणि बाकावर क्लोद्यूस होता.

नोव्हेंबरात तो गेला. ठाण पूर्ण करायची त्याने फार खटपट केली, पण शेवटचे चार वार राहिले. निघताना तो बापाला म्हणाला, "उरलेलं पेलूझकाकांकडून विणून घ्या, बाबा. आणि गेर्ला साहेबांना खरं काय ते सांगून टाका. आता लपवून काही वाचणार नाही."

क्लोद्यूसने मान हलवली. दुसऱ्या दिवशी तो स्वतःच माझ्यावर बसला.

ते चार वार मला आठवतात. तो फणी कधी हळू ओढायचा, कधी घाबरून जोरात. तुटलेले धागे फ्लरी जोडायची. दोघं एकमेकांशी बोलत नसत. "थांब" आणि "चल" एवढेच शब्द ऐकू यायचे.

गेर्लाने ठाण खिडकीशी नेलं, तिरकं धरलं, अंगठा फिरवला.

"इथे हात बदललाय," तो म्हणाला. "पहिले छप्पन्न वार तुझे. तीस वर्षं ओळखतो मी तुझा हात, तिवोले. हे शेवटचे कोणाचे? जाण्याआधी पोराला बसवलंस ना?"

फ्लरी कोपऱ्यात रहाटावर धाग्याच्या कांड्या भरत होती. तिचा रहाट थांबला.

"हो," क्लोद्यूस म्हणाला. "पोराला शिकायचं होतं."

"शिकला नाही," गेर्ला म्हणाला, आणि त्याने कात्री मागितली.

चार वार कापून टेबलावर टाकले आणि छप्पन्न घेऊन तो गेला. फ्लरीने तुकडा उचलला, घडी घातली आणि फडताळात ठेवला. रहाट त्या दिवशी पुन्हा फिरला नाही.

पुढच्या ऑगस्टमध्ये नगरभवनातून माणूस पत्र घेऊन आला. ते पेलूझने वाचलं. जोआनेस तिवोले, नौदलाचं पायदळ, हायफाँगच्या इस्पितळात तापाने वारला, जूनच्या अकराव्या दिवशी. पत्र पोचायला आठ आठवडे लागले होते. त्या आठ आठवड्यांत फ्लरीने त्याच्यासाठी लोकरीचे दोन जोड मोजे विणले होते. तिकडे फार उकडतं, हे तिला कोणी सांगितलं नव्हतं.

क्लोद्यूस रडला असेल तर माझ्यासमोर नाही. पण दुसऱ्या दिवसापासून दारात जो येईल त्याला तो आधी सांगू लागला, "मी आंधळा आहे." कोळशेवाल्याला सांगे, पाद्रीबाबांना सांगे.

"ठाऊक आहे हो, तिवोलेकाका," दूधवाली म्हणायची. "किती वर्षं झाली त्याला."

"मला दिसत नाही," तो पुन्हा म्हणायचा, जणू तिने अजून सही करायची आहे.

एकदा पेलूझचा हात धरून तो पेढीवरही गेला. मी आंधळा आहे, दोन वर्षं विणणारा माझा मुलगा होता, ते छप्पन्न वार त्याचे, हे चारच माझे, असं त्याने सगळ्यांसमोर सांगितलं. पेलूझने घरी येऊन फ्लरीला ते ऐकवलं. गेर्ला म्हणे उठून उभा राहिला, क्लोद्यूसच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "दुःखात माणूस असं बोलतो. घरी न्या त्यांना."

दोन वर्षांनी क्लोद्यूस गेला. तोवर डोंगरापलीकडच्या खेड्यांत पाण्यावर आणि वाफेवर चालणारे माग बसले होते. एक मुलगी असे दोन-दोन माग सांभाळायची. टेकडी हळूहळू गप्प होत गेली. फ्लरीने मला विकलं नाही. मोडून जळणही केलं नाही. माझ्या बाकावर ती कपडे वाळत घालायची.

मग शहरात मोठं प्रदर्शन भरलं. जुना हातमाग हवा म्हणून मला नेलं, आणि पेढीने त्या छप्पन्न वारांतून नमुना म्हणून राखून ठेवलेलं दोन वार डाळिंबांचं कापड माझ्या शेजारी काचेत लावलं. खाली पितळेची पाटी: क्लोद्यूस तिवोले याच्या हातचं काम.

एका रविवारी फ्लरी आली. पाटीपाशी ती बराच वेळ उभी होती. मग रखवालदाराला म्हणाली, "ही पाटी चुकलीय."

"पाट्या साहेबांनी लिहिल्यात, काकू."

"हे माझ्या मुलाने विणलंय."

"मग त्याला घेऊन या," रखवालदार म्हणाला. वाईट हेतूने नाही. मागे लोकांची रांग होती.

शेजारच्या मांडवात वसाहतींची दालनं होती. टाँकिनचे चार वीणकर तिथे आणून बसवले होते, लोकांना दाखवायला. त्यांच्यातला एक तरुण मधल्या सुट्टीत माझ्याकडे आला होता. दोरीखालून हात घालून त्याने माझी फणी हलकेच ओढून पाहिली. फ्लरीने त्याच्याकडे पाहिलं. त्याची भाषा तिला येत नव्हती, तिची त्याला. तिला त्या देशातला एकच शब्द ठाऊक होता.

"हायफाँग," ती म्हणाली.

तो हसला, अगदी मनापासून. आपलं गाव इथे कोणीतरी ओळखतं, असं त्याला वाटलं असावं. त्याने मान हलवून तो शब्द परत उच्चारला, जरा वेगळा, बरोबर. फ्लरीने तसाच म्हणून पाहिला. मुलगा जिथे पुरला होता त्या गावाचं नाव तिला दहा वर्षांनी नीट म्हणता आलं. मग तिने त्याच्या कोटाची उघडी कॉलर सारखी केली, कारण गारठा होता, आणि ती निघून गेली.

फ्लरीही आता नाही. पेलूझ नाही. मी शहराच्या संग्रहालयात, तळमजल्यावर आहे, आणि ते काचेतलं कापड पाटीसकट माझ्या शेजारी आहे. माझ्यावर ताणा चढवलेला नाही. शाळेची पोरं येतात, मास्तर पाटी वाचून दाखवतात, पोरं क्लोद्यूसचं नाव वहीत लिहून घेतात. ती दर वेळी चूक लिहितात आणि मला काही करता येत नाही.

तुम्ही कधी इकडे आलात तर त्या काचेपाशी थोडं थांबा. कापड तिरकं बघा. पट्टा शोधू नका, त्या दोन वारांत तो नाही. शेवटपर्यंत एकच हात आहे. तो जोआनेस तिवोलेचा आहे. हे विणलं तेव्हा तो वीस वर्षांचा होता.