पिठल्यात मीठ नाही

पारूआत्याची आठवण मला आधी कानाने येते. रुंद लोखंडी कढईच्या तळाशी उलथनं घासल्याचा तो आवाज, खर्र... खर्र, चैत्रातल्या पांढऱ्या, वारा पडलेल्या दुपारी आमच्या उघड्याबोडक्या माळावरून थेट गावापर्यंत ऐकू येई. मग डोळ्यांपुढे धूर येतो. बाभळीच्या जळणाचा तो निळसर धूर पत्र्याच्या भोकांतून पडणाऱ्या कवडशांत रेंगाळत असे, आणि त्या धुरात एक गुडघा उभा करून ती बसलेली असे. पदर कमरेला खोचलेला, कपाळ घामाने तुकतुकीत आणि ओठांचा डावा कोपरा किंचित खाली वळलेला. तो वळलेला कोपरा म्हणजे तिचं जगाविषयीचं मत होतं. सत्तर वर्षांत तिने ते बदललं नाही, आणि बदलावं असं जगाने काही केलंही नाही.

नात्याने ती माझी कुणीच नव्हती. भूमच्या बाजूला दूध आटवून खवा करणाऱ्या भट्ट्या गावोगाव आहेत, त्यातली गावाबाहेरची एक तिची. नवऱ्याने तिला तरुणपणीच टाकलं होतं. पुढे हिरा नावाची एक विधवा जळण फोडायच्या कामाला आली आणि राहिलीच. तीस वर्षं दोघी एका भट्टीवर राबल्या, एका ताटात जेवल्या, एका वाकळेखाली निजल्या. कुणाची म्हैस कुणाच्या बांधावर चरली हे आमचं गाव तीन पिढ्या लक्षात ठेवतं. पण या दोघींकडे पाहून त्याला एवढंच सुचलं, की बिचाऱ्या निराधार बायका, एकमेकींच्या आधाराने दिवस काढतात. इतकी भाबडी दया मी दुसरीकडे कुठे पाहिली नाही, आणि ती दया करताना गावाच्या चेहऱ्यावर जे समाधान पसरायचं ते मी अजून विसरलेलो नाही.

माझ्या बाबतीत मात्र हीच नजर एकदम तल्लख झाली. पुण्यातल्या नोकरीत माझे आणि माझ्या मित्राचे काही फोटो ऑफिसच्या ग्रुपवर फिरले. त्यानंतर मित्राने फोन उचलणं बंद केलं आणि मी नोकरी सोडून गावी येऊन पडलो. वडील नव्हते. घरात आई, आणि आईच्या डोक्यावर मामा. मी जेवत नव्हतो, झोपत नव्हतो, मला मरावंसं वाटत होतं. गावाने कारण आपापल्या परीने ओळखलं आणि पारावर त्याचं हसू केलं. मामाने मला तालुक्यातल्या कुठल्याशा दवाखान्यात नेलं. तिथल्या गृहस्थाने माझ्याकडे न बघता मामाकडून सगळं ऐकून घेतलं आणि चिठ्ठीवर तीन गोळ्या लिहिल्या. चौथ्या ओळीत स्वच्छ मराठी अक्षरांत लिहिलं, 'लग्न'. मामाने ती चिठ्ठी प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून खिशात जपली. तीन औषधं मेडिकलमध्ये मिळाली होती. चौथं शोधायला तो जिल्हाभर सोयऱ्यांची घरं पालथी घालू लागला.

याच दिवसांत हिरा वारली. छातीत धूर बसला होता, तो निघालाच नाही. तिच्या मेलेल्या नवऱ्याचा एक पुतण्या आला, अग्नी दिला आणि मोबाइलवर बोलत निघून गेला. संध्याकाळी मी नेहमीसारखा घराच्या धाब्यावर, मातीच्या गच्चीवर बसलो होतो. खाली यायचीही इच्छा नव्हती. माळाकडे पाहिलं आणि कळलं की आज भट्टीवर धूर नाही. तीस वर्षांत पहिल्यांदाच नव्हता. आमच्यात मयत झालेल्या घरात चूल पेटत नाही. सोयरेधायरे, शेजारीपाजारी भाकरी आणून पहिला घास भरवतात, त्याला कडू घास म्हणतात. पारूआत्याकडे कुणीच गेलं नव्हतं. मरणारी तिची कोण लागत होती? मैत्रिणीचं सुतक असतं का? गावाने हिशोब बरोबर केला होता आणि गाव निवांत जेवायला बसलं होतं.

माझ्या मनात फार थोर काही आलं नव्हतं. उलट अनेक दिवसांत काही केलंच नव्हतं, म्हणून उठलो. आईच्या शिंकाळ्यातल्या तीन भाकरी आणि पिठलं फडक्यात बांधलं आणि माळ तुडवत गेलो. ती थंड कढईशेजारी भिंतीला टेकून बसली होती. तिने फडकं सोडलं, एक घास घेतला, डावा कोपरा खाली वळला.

"पिठल्यात मीठ न्हाय."

आईला रक्तदाब होता, आमच्या घरात मीठ नावालाच पडायचं. मी तसं सांगितलं. तिन्ही भाकरी तिने शेवटच्या तुकड्यापर्यंत खाल्ल्या, मधूनच पदराने डोळे पुसत, आणि मग माझ्या हातांकडे बघत म्हणाली, "उद्यापासनं येत जा हिकडं. हात लई मोकळं हायत तुझं."

असा मी भट्टीवर लागलो. मला ती 'पुणेकर' म्हणायची, आणि त्या शब्दात एवढा तुच्छभाव भरायची की पुणं ऐकतं तर सुधारलं असतं. "लई शिकलास, पुणेकर, बूड टेकायचं कसं तेवढं राहिलं." "झोप येत न्हाय व्हय? मग ढवळ." माझी कीव तिने एकदाही केली नाही, आणि कीव न करणारं माणूस मला कित्येक महिन्यांत भेटलं नव्हतं. दूध उकळी फुटेपर्यंत गप्प असतं, मग उसळतं, मग हळूहळू जड होत जातं. तेवढा वेळ हात थांबवायचा नाही, कारण हात थांबला की ते तळाला लागतं. या कामात माणसाचं मन बरं होतं असला गोड सिद्धान्त मी मांडणार नाही. माझं तरी झालं नाही. फक्त दिवस सरत गेले, आणि त्या दिवसांत दिवस सरणं हीच मोठी गोष्ट होती.

एकदा जळणाच्या ढिगामागे मी रडत बसलेला तिला सापडलो आणि मरावंसं वाटतं हे तिला सांगून टाकलं. दुसऱ्या दिवशी तिने आयुष्यात पहिल्यांदा भट्टी आपणहून बंद ठेवली आणि मला एसटीने जिल्ह्याच्या गावी नेलं. कुणाकडून पत्ता काढला होता कोण जाणे. तिथल्या डॉक्टरबाई वयाने माझ्याएवढ्याच असतील. त्यांनी आत्याला बाहेर बसवलं, तासभर माझंच ऐकलं आणि म्हणाल्या, "झोप न येणं, मरावंसं वाटणं हा आजार आहे. त्याला औषध आहे आणि ते आपण घेणार आहोत. पुरुष आवडणं हा आजार नाही." पुण्यातल्या एका गटाचा फोन नंबरही त्यांनी दिला. दर रविवारी माझ्यासारखी दहाबारा माणसं फोनवर एकत्र येऊन बोलायची. रेंज फक्त जळणाच्या ढिगावर चढलं की यायची, म्हणून मी तिथे चढून बसे. खालून आत्या विचारी, "आली का तुझी मंडळी?" आणि आली म्हटलं की उलथनं हळू चालवी, मला ऐकू यावं म्हणून.

इकडे मामाला चौथं औषध सापडलं होतं. बेंबळीकडचं स्थळ, मुलगी बारावी शिकलेली. आता खरं सांगायचं तर माझाही तिरस्कार करायला हवा, कारण मी होकार दिला होता. आई रडली, मामाने पाया पडायचं नाटक केलं, मी थकलो होतो. ज्या मुलीचा चेहराही पाहिला नव्हता तिला माझी गोळी व्हायला लावायला मी राजी झालो. आत्याला सांगितलं तेव्हा तिने एकदाच माझ्याकडे पाहिलं. ती नजर कढईतल्या करपलेल्या थराकडे बघायची असते तशी होती.

मुलीचे वडील घर बघायला आले त्या दिवशी मी घरी थांबलो नाही, भट्टीवर गेलो. मामा धापा टाकत आला, "ऊठ की, पाहुणे आलेत." आत्या म्हणाली, "दूध चढलंय."

हे दोन शब्द आमच्याकडे शेवटचे असतात. दूध चढलं की उलथनं हातात असलेल्या माणसाला कुणी उठवत नाही, सरपंच आला तरी नाही. माणूस करपला तर आमच्या गावाला चालतं, दूध करपलेलं चालत नाही. मामा म्हणाला, "मग तुमी घ्या की उलथनं, रिकाम्या तर बसलाव." आत्याने दोन्ही हात पाठीमागे नेले. "माजा खांदा दुखतोय," ती म्हणाली. त्याच खांद्याने तिने सकाळी अर्धी गाडी लाकडं फोडली होती.

नाइलाजाने पाहुणेच भट्टीवर आले. मुलीचे वडील धुवट पायजमा-टोपीतले, करड्या मिशांचे, कमी बोलणारे शेतकरी होते. ते पोत्यावर बसले. मामा धुरात खोकत माझ्या पगाराच्या, पुण्यातल्या फ्लॅटच्या, माझ्या शांत स्वभावाच्या गोष्टी रचू लागला. खवा व्हायला तास दीड तास लागतो आणि इतका वेळ पुरेल एवढं खोटं मामाजवळ नव्हतं. तो हळूहळू आटत गेला. मग नुसता आवाज उरला, खर्र... खर्र. त्या आवाजात त्या गृहस्थांनी विचारलं, "पोरा, तुझ्या मनात हाय ना?"

खाली बघत खरं बोलणं सोपं असतं. मी कढईवरून नजर न काढता म्हणालो, "न्हाय. तुमच्या पोरीत काय कमी न्हाय. मला बाईची वढच न्हाय, बाप्याची हाय."

मामा ओरडला, मग खिशातली ती चिठ्ठी काढून नाचवू लागला, डॉक्टरनं लिहून दिलंय, लग्नानं बरा होतो म्हणून. गृहस्थांनी ती चिठ्ठी हातात घेतली, पिशवीसकट दोनदा वाचली आणि परत दिली. तांब्याभर पाणी प्याले. उठताना माझ्या डोक्यावर क्षणभर हात ठेवून म्हणाले, "माजी पोरगी वाचली." मी आजवर ज्यांना कमी लेखू शकलो नाही अशी माणसं मोजकी आहेत, त्यातले ते एक.

त्या दिवशीचा खवा पांढरा, दाणेदार उतरला. आत्याने बोटाने चाखला, आणि कधी नाही ते कोपरा खाली वळला नाही. मग विस्तवावर पाणी मारता मारता, वाफेआडून ती म्हणाली, "हिराचं आन् माजं लगीनच हुतं, पुणेकर. फकस्त वाजंत्री न्हवती." मी काही बोलायच्या आत पुढे म्हणाली, "गावाला न्हाय सांगितलं. त्यांची लायकी न्हवती."

त्यानंतर गाव माझ्याशी जसं वागायचं तसं वागलं. पोरं मागून चाळे करत, बायका दुधाची भांडी माझ्या हातात न देता खाली ठेवत, मामाने उंबरठा सोडला, आई माझ्याशी कामापुरतं बोले. दिवाळीत मात्र गुलाबजामसाठी सगळ्यांना आमच्याच भट्टीचा खवा लागे, आणि तो मागताना ओळखीचं हसू आपोआप येई. आत्या त्यांना वजन काट्यावर बरोबर देई आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळे. माझ्या गोळ्या पुढे कमी झाल्या, मग थांबल्या. रविवारची मंडळी आजही आहे. आता नव्याने येणाऱ्या रडणाऱ्या पोरांशी मी बोलतो, आणि आत्याकडून शिकलो तसं, कीव न करता बोलतो.

या माघात ती गेली. हिरासारखाच धूर छातीत बसला होता. सगळं गाव आलं. "बिचारी शेवटपतुर एकटीच राहिली," असं सरपंच म्हणाला आणि माना डोलल्या. आठ वर्षं तिच्याजवळ राबलेला मी तिच्या उशाशीच बसलो होतो, पण त्या मानांना मी दिसलो नाही. तीस वर्षं हिरा दिसली नव्हती, तिथे मी कोण. तिच्या भावाच्या मुलाने अग्नी दिला. लोक घरोघर पांगले आणि मी थंड कढईशेजारी, भिंतीला टेकून, ती बसली होती तसाच बसलो. मला तिचं सुतक नव्हतं, हे मलाही पाठ होतं.

उन्हं उतरत असताना माळावरून एक बाई येताना दिसली. चाल ओळखीची होती, पण आठ वर्षांत ती चाल या वाटेला कधी आली नव्हती. आई आत आली, पदराखालचं फडकं काढलं आणि माझ्यापुढे ठेवलं. कडू घास आपल्याच घरातल्या माणसाला कुणी आणत नाही. तो दुसऱ्या घरी न्यायचा असतो, ज्या घरातलं माणूस गेलं त्या घरी. एवढं तिला नक्की कळत होतं.

"खा," ती म्हणाली, "भाकर ऊन हाय तवर."

आठ वर्षं उशीर झाला होता आणि मी तो तिला माफ केलेला नाही. पण भाकरी मोडली. एक घास घेतला, आणि घास तोंडातच ठेवून डावीकडे, आत्याच्या जागेकडे पाहत थांबलो. काळ बरंच काही पुसून नेतो म्हणतात, पण पिठल्यात मीठ नव्हतं, आणि ते सांगणारं माणूस तिथे नव्हतं.