शपथेआधीची वकीलबाई

निकालाच्या दुसऱ्याच दिवशी सान फर्मिनच्या चौकात फ्लेक्स लागला. त्यातली तीन-चतुर्थांश जागा मेयर तिबुर्सियो यांच्या चेहऱ्याला दिली होती. उरलेल्या जागेत शुभेच्छा, नगरपालिकेचं बोधचिन्ह, मेयरांच्या बायकोचा चेहरा आणि खाली कोपऱ्यात पोस्टाच्या तिकिटाएवढी मिन्यांग. फोटो तिच्या शाळेच्या ओळखपत्रावरून घेतलेला. त्यात ती पंधरा वर्षांची होती आणि केस आईने घरीच कापलेले दिसत होते. आता ती एकतीसची होती.

वकिलीची परीक्षा मात्र मेयरांनी दिली नव्हती, मिन्यांगनेच दिली होती, आणि तीही तीनदा. पहिल्या दोन खेपांना ती नापास झाली तेव्हा अख्खं गाव बाजारात तिच्या आईच्या गाळ्यावर सांत्वनाला आलं होतं. सांत्वन करता करता लोक आईचे पानात गुंडाळलेले भाताचे इबोस फुकट खाऊन गेले होते. एरवी एका पानातल्या भातावर भागवणारी माणसं दुःखात तीन-तीन पानं सोडत. मेयरांकडे तर मिन्यांग शिष्यवृत्तीचा अर्ज घेऊन गेली होती. तिथे तिला दोन तास बाकावर बसवलं आणि जाताना मेयरांचा चेहरा छापलेली छत्री दिली. त्या छत्रीच्या जोरावर ती वकील झाली, असं आता मेयर लोकांना सांगत होते.

निकाल लागल्यापासून गावाची जीभ एकदम गोड झाली. ट्रायसिकलवाला भाडं घेईना. तुझ्या डोक्यात कायदा शिरणार नाही, असं भर वर्गात सांगणारे मुख्याध्यापक आता तिला आपली लाडकी विद्यार्थिनी म्हणू लागले. मासेवाली फेलिसिदाद तिला लहानपणापासून नाक पुसायला शिकवत आली होती. तीसुद्धा 'अ‍ॅटर्नी' म्हणून हाक मारू लागली, आणि ती हाक बाजाराच्या दुसऱ्या टोकाला ऐकू जाईल अशा बेताने मारायची.

फेलिसिदादला कारणही होतं. मेयरांना जुना बाजार उठवायचा होता. गाळेवाल्यांनी स्मशानाच्या पलीकडच्या नव्या इमारतीत जायचं आणि जुन्या जागेवर मेयरांच्या मेहुण्याचा पेट्रोल पंप उभा राहायचा, अशी योजना होती. त्यासाठी गाळेवाल्यांची लेखी संमती हवी होती. बेचाळीस गाळेवाले दीड वर्ष सही न करता हटून बसले होते, कारण मिन्यांग पास झाली की आपला स्वतःचा वकील होणार, या एकाच आशेवर त्यांनी दम धरला होता. मिन्यांगची आई सालुद त्यांच्यातच होती.

आता फ्लेक्समधली खोड सांगायला हवी. त्यावर मोठ्या अक्षरांत 'अ‍ॅटर्नी हर्मिनिया गालेगो' असं मिन्यांगचं पूर्ण नाव लिहिलं होतं. पण परीक्षा पास झाल्याने माणूस वकील होत नाही. मनिलाला जाऊन शपथ घ्यायची, सर्वोच्च न्यायालयाच्या वहीत सही करायची, मग सनद. तोवर कोणी स्वतःला अ‍ॅटर्नी म्हणवून घेतलं आणि एखाद्या भल्या माणसाने मनिलाला पत्र टाकलं की शपथ अडकते. शेजारच्या गावातल्या एका मुलीने हौसेने आधीच कार्डं छापली होती. कोणीतरी त्यातलं एक पाकिटात घालून पाठवून दिलं. त्या गोष्टीला चार वर्षं झाली आणि ती मुलगी अजून चौकशीच्या उत्तराची वाट बघत शाळेत इतिहास शिकवते.

मिन्यांगची शपथ बारा दिवसांवर होती. फ्लेक्स आपण होऊन उतरवावा तर मेयरांच्या चेहऱ्याचं नुकसान केल्याची तक्रार होणार, आणि तक्रार चालू असलेल्या उमेदवारालाही शपथ देत नाहीत. ठेवला तर पत्र, काढला तर खटला. त्यातून उपमेयरांनी मेयरांच्या फ्लेक्सहून दोन हात मोठा फ्लेक्स लावला आणि आमदारांनी बास्केटबॉलच्या मैदानाची अख्खी भिंत झाकली. सगळीकडे अ‍ॅटर्नी. आठवड्याभरात तिच्या नावाखाली सात जण हसत होते आणि त्यांतला एकही तिला नीट ओळखत नव्हता.

ती मेयरांच्या कचेरीत गेली. या वेळी बाकावर बसवलं नाही, थेट आत नेलं आणि कॉफी दिली. तेवढा एक शब्द काढून टाका, अशी विनंती तिने केली. मेयर दिलखुलास हसले. गाव तुला वकील म्हणतंय तर मनिलाच्या कोर्टाचं काय एवढं घेऊन बसलीस, असं त्यांचं म्हणणं पडलं. मग त्यांनी मुद्द्याला हात घातला. रविवारी गावच्या जत्रेत मंचावर यायचं आणि नव्या बाजाराची योजना कायदेशीर आहे एवढंच बोलायचं. गाळेवाले दुसऱ्या कोणाचं ऐकत नव्हते, तिचं ऐकलं असतं.

मेयरांचा सेक्रेटरी कोर्नेलियो बाजूला उभा होता. त्यानेही ती परीक्षा तीनदा दिली होती आणि तीनदा नापास झाला होता, त्यामुळे कायदा त्याला पुरेपूर येत होता. तो तिला दारापर्यंत सोडायला आला.

"इंदाय, पोरी, मंचावर ये म्हणजे झालं," तो हळू आवाजात म्हणाला. "फ्लेक्सचे फोटो सगळ्यांच्या फोनमध्ये आहेत. कोण कुठे काय पाठवेल, मी कसं सांगू?"

"मनोंग, दादा, तुम्हीच पाठवाल ना?"

"मी कशाला? मी तर तुझ्यासाठी आनंदात आहे," असं तो म्हणाला आणि खरोखर आनंदात असल्यासारखा दिसला.

रविवारी मंचावर तिला मेयरांच्या शेजारची खुर्ची मिळाली. समोर गाव बसलं होतं, मागे भाजलेल्या डुकराचा वास येत होता आणि पहिल्या रांगेत आई चर्चला घालायचा पोशाख घालून बसली होती. निवेदकाने 'अ‍ॅटर्नी' हा शब्द एका वाक्यात चार वेळा उच्चारला. मिन्यांगने माइक हातात घेतला. योजना कायदेशीर आहे म्हणावं तर आईच्या पाठीत सुरा, बेकायदेशीर आहे म्हणावं तर सनद नसताना सल्ला दिल्याचा गुन्हा. तेव्हा तिने जे खरं होतं तेच सांगितलं.

"मी अ‍ॅटर्नी नाही. फ्लेक्सवर लिहिलंय ते चूक आहे. मला कायद्याबद्दल काही बोलण्याचा अधिकार नाही. कृपा करून मला कोणी अ‍ॅटर्नी म्हणू नका."

अजून नाही, सोळा तारखेला होईन, हे सांगायला तिने तोंड उघडलं होतं. पण निवेदकाने माइक काढून घेतला आणि बँड वाजायला लागला.

गावाने काय ऐकायचं ते ऐकलं. पोरगी पुन्हा नापास झाली आणि निकालाची थाप मारून सगळ्यांना उल्लू बनवलं. निकालाची यादी सगळ्या जगाला फोनवर दिसत होती, पण ती आधी कोणी पाहिली नव्हती आणि आताही पाहिली नाही. गावाने फ्लेक्स पाहिला होता आणि फ्लेक्सवर विश्वास ठेवला होता. डुक्कर कापून व्हायच्या आत मेयरांचा फ्लेक्स खाली आला. उपमेयरांचा त्याच्यामागोमाग उतरला. आमदारांचा उतरवायला शिडी लागली म्हणून जरा वेळ गेला. नापास मुलीशेजारी आपला चेहरा कोणालाच नको होता. ट्रायसिकलवाल्याने घरी सोडताना आधीच्या दोन खेपांचंही भाडं मागून घेतलं.

गाव आपल्याला नापास समजतंय, याचा मिन्यांगला घरी पोचल्यावर उलगडा झाला. आधी तिला रडू आलं आणि मग लक्षात आलं, की हवं होतं तेच झालं. गावात एकही फ्लेक्स उरला नाही. तिने आईला समोर बसवलं आणि कोणालाही खरं सांगायचं नाही म्हणून बजावलं. पास झाल्याचं कळलं की तासाभरात फ्लेक्स परत चढले असते.

सालुदला ते फार जड गेलं. दोनदा तिने हे सांत्वन झेललं होतं, आणि तिसऱ्या खेपेला लेक पास झालेली असताना ते झेलायचं होतं.

"नानाय, आठ दिवस. मी सही करून येईपर्यंत."

"कोणालाच नाही? फेलिसिदादलाही नाही?"

"फेलिसिदादला सांगितलंस तर फ्लेक्स लावायची गरजच नाही."

आई हसली नाही, पण तिने मान डोलावली. उमेदवाराला सोबत एक माणूस आणायची परवानगी होती. आई गेली नाही. नापास मुलीबरोबर मनिलाला कशाला निघालीस, असं कोणी विचारलं असतं तर तिला खरं सांगावं लागलं असतं. तिने इबोसची पिशवी बांधून दिली आणि मंगळवारी मिन्यांग एकटीच गेली.

शपथ झाली. हजारो जणांबरोबर तिने हात वर केला, ज्यांना ती ओळखत नव्हती अशांच्या आयांनी तिच्यासाठीही टाळ्या वाजवल्या, आणि दोन दिवसांनी तिने त्या वहीत सही केली. कारकुनाने नंबर सांगितला आणि पुढच्याला बोलावलं. बाहेर येऊन तिने आईला फोन केला. आई खूप रडली, मग म्हणाली, लवकर ये. बाकी काही बोलली नाही.

ती परतली तेव्हा बाजारात दुपारची सामसूम होती. आईच्या गाळ्यावर भांडी बांधून ठेवलेली होती. फेलिसिदाद बर्फाची पेटी रिकामी करत होती. तिने मान वर करून पाहिलं आणि पुन्हा खाली घातली. मिन्यांगने आईला विचारलं तेव्हा तिने एप्रनच्या खिशातून घडी घातलेला कागद काढून दिला. ती संमतिपत्राची प्रत होती. खाली बेचाळीस सह्या होत्या.

ती मनिलाला गेल्याच्या दुसऱ्याच दिवशी कोर्नेलियो बाजारात आला होता. गाळ्या-गाळ्यावर बसून त्याने कागद शांतपणे वाचून दाखवला. कोणावर आवाज चढवला नाही, धमकी दिली नाही. तो फक्त एवढंच म्हणाला, की मिन्यांगने स्वतःच्या तोंडाने सांगितलंय ती अ‍ॅटर्नी नाही, मग तुम्ही कोणाची वाट बघताय? दीड वर्ष धरलेला दम एका सकाळीत संपला. निकालाची यादी त्याने वाचली होती, परीक्षा देणं सोडलं तरी स्वतःचं नाव शोधायला तो ती दर वर्षी वाचत असे. एवढा हुशार माणूस तीनदा नापास कसा झाला, हे मिन्यांगला कळेना.

बेचाळिसावी सही आईची होती.

"तुला तर माहीत होतं, नानाय," ती म्हणाली. "तू का केलीस?"

"एकटी मीच राहिले असते तर त्यांनी विचारलं असतं, कशाच्या जोरावर," आई म्हणाली. "तू म्हणालीस कोणाला सांगायचं नाही. नाही सांगितलं."

फेलिसिदाद आणि आणखी चार-पाच जण जवळ येऊन उभे राहिले. मिन्यांगने कागद पहिल्या ओळीपासून वाचला, मग पुन्हा वाचला. कुठे फट मिळते का ते ती शोधत होती. साक्षीदार होते, तारीख होती, स्वखुशीने समजून-उमजून सही केल्याचं लिहिलं होतं. परीक्षेत हाच प्रश्न आला होता आणि तिने त्याचं उत्तर बरोबर लिहिलं होतं.

"तो खोटं बोलला ना?" आईने विचारलं.

"नाही. ज्या दिवशी बोलला त्या दिवशी ते खरंच होतं."

"मग कायद्याने आम्हाला काय करता येतं?"

मिन्यांगला आईकडे बघवेना. तिने कागदाची घडी घातली, ती पहिल्यासारखी बसेना, म्हणून पुन्हा घातली.

"काही नाही," ती म्हणाली. "सही पक्की आहे. गाळा सोडावा लागेल."

आईने तिच्या हातातून कागद घेतला आणि खिशात ठेवला.

"फोनवर तू सांगितलंस तेव्हा मला नीट पटत नव्हतं," ती म्हणाली. "आता पटलं. झालीस वकील."