सायलाचं शेवटचं पान

स्वयंपाकघरात फ्रिजच्या पोटात बर्फाचा खडा टप्पकन पडला. टेबलापाशी सायला होती आणि समोर लॅपटॉपच्या पडद्यावर देवांग.

"मागच्या मीटिंगमध्ये मी विचारलं, लास्ट सीनमध्ये म्हातारीला भाषण देऊ या का? तू काहीच बोलली नाहीस. मला वाटलं, यू आर ओके!" देवांग म्हणाला. शिकागोजवळच्या शॉमबर्गमध्ये वाढलेला हा निर्माता. सायलाची मालिका त्यानंच उचलून धरली होती.

"मी विचार करत होते."

"पंधरा सेकंद?"

"फिनलंडमध्ये पंधरा सेकंदांत कुणी हो म्हणत नाही."

सायला मूळची फिनलंडची. हेलसिंकीत अकरा वर्षं तिनं पटकथा लिहिल्या होत्या. एक रोजची मालिका, दोन सिनेमे. माणसं बोलायची थांबली की तिचं लिखाण खरं सुरू व्हायचं. मग सुमंतशी लग्न, अमेरिकेत बेलव्ह्यूला येणं, बाळंतपण. इथं तिला काळं कुत्रं विचारत नव्हतं. ही मालिका तिनं लेकीच्या, अनिकाच्या, दुपारच्या झोपेत, पुढे शाळेबाहेर गाडीत बसून, चिंधीला चिंधी जोडावी तशी लिहिली होती. शेवटच्या पानावर नवऱ्याला पुरून आलेली म्हातारी रोजच्यासारखी सौना, म्हणजे वाफेची न्हाणी, तापवते, दोन टॉवेल काढते आणि बसते. बस्स. आता तिथं देवांगनं घालून घेतलेलं अर्धं पान भाषण होतं.

"स्टुडिओला ते आवडलंय यार. तू अडून बसलीस तर ते दुसरा रायटर आणतील."

"आणू देत. माझं नाव काढा."

"सायला, अमेरिकेतलं तुझं पहिलं क्रेडिट आहे हे! असं कुणी करतं का?"

"माझी म्हातारी बोलत नाही. जी बोलते तिच्याखाली माझं नाव नको."

गप्प राहण्याचा पुन्हा 'हो' असा अर्थ निघू नये म्हणून सायलानं तिथल्या तिथं नाव काढून टाकण्याची दोन ओळींची मेल लिहिली, पाठवली आणि मग लॅपटॉप मिटला.

नागपूरहून आलेल्या सासूबाई, रत्नाबाई, मटार सोलत सगळं ऐकत होत्या. इंग्रजी अर्धंमुर्धं कळलं, पण मुद्दा बरोबर कळला.

"नाव काढायला लावलंस? अन् मी विहारात सांगून बसले, सुनेचं नाव टीव्हीवर येणार म्हणून!"

"सॉरी, आई," सायला तिच्या मोडक्या मराठीत म्हणाली. "पण ती म्हातारी बोलणार नाही."

"सॉरी कशाला? सुमंतचे बाबा गेले तेव्हा पंधरा दिवस तोंड उघडलं नव्हतं मी. सगळे म्हणायचे, रड गं, बोल गं. काय बोलायचं होतं?" त्यांनी पुढची शेंग मोडली. "सांगीन विहारात. माझी सून नाही म्हणाली, असंच सांगीन."

खाली फरशीवर चित्र रंगवणारी पाच वर्षांची अनिका उठली आणि सायलाच्या मांडीवर चढून बसली.

"आई, तुझं नेम नसणार टीव्हीवर?"

"नसणार."

"देन हू रोट इट?"