लटारूचं नाव कोणं सांगितलं

मले कोणाचाच भरोसा नाई. पटवाऱ्याचा नाई, हवालदाराचा नाई, अन् भागीरथेचा तं बिलकुलच नाई. भागीरथा म्हणजे माह्या भावाची, लटारूची बायको. लटारू मेला त्या दिवशी सात्या तिनंच रांधल्या होत्या. पावसाळ्यात वारुळावर भुईछत्र्या उगवते, त्याच सात्या. त्यानं पोटभर खाल्ल्या, तिनं तोंडालेही लावल्या नाई. म्हणे, श्रावण सोमवारचा उपास. मी मूल गावच्या बाजारात गेली होती. वापस आली तं अंगणात लोकं जमले होते.

आता बाई, उपास तं मलेही समजते. पण त्याच दिवशी काऊन? मनात पाल चुकचुकली ते चुकचुकलीच. लटारू तिले मारे, हेही गावाले ठाऊक होतं. मी पोलिसाले सगळं सांगितलं.

तिले ठाण्यावर नेलं. मंग ऐकू आलं का मॅजिस्ट्रेटसमोर तिनं कबूल केलं, सात्यात जहर मीच घातलं म्हून. ना जहर सापडलं, ना पुडी. तिची कबुली तेवढी, अन् त्याच्यावरच चांद्याच्या कोर्टानं फाशी देल्ली. मी म्हटलं, केलं तसं भोगन. त्या दिवशी पोटभर जेवली मी, खोटं काऊन बोलू?

अपिलासाठी सरकारनं तिले वकील देल्ला, चांद्याचे कमरुद्दीन. ते एक दिवस धानाच्या बांध्या तुडवत आमच्या घरी आले. मी त्याहिले पाणी देल्लं, पण बसा म्हटलं नाई. मारणारीचा वकील तो, त्याचं काय कौतुक?

"शकुबाई," ते म्हणले, "कोर्टात तुमची साक्ष झाली, पण तिची कबुली तुमी पुरी ऐकली काय?"

"मले ऐकून काय कराचं हाये?"

"तुमचा भाऊ कसा मेला ते लिवलं हाये त्याच्यात."

मंग मी उंबऱ्यावर बसली. ते वाचाले लागले. 'मी माझा नवरा लटारू यास सात्यांतून विष दिले. लटारू मला मारहाण करीत असे. लटारू जेवल्यावर...' 

मी म्हटलं, "थांबा भाऊ. हे तिनं म्हटलं?"

"तिच्याच तोंडचं हाये, असं मॅजिस्ट्रेटानं खाली सही करून लिवलं."

मले हसू आलं, अन् रागही आला. अहो, लग्न होऊन आली तवापासून त्या बाईनं लटारूचं नाव जिभेवर घेतलं नाई. आमच्यात कोणतीच बाई घेत नाई, पण हे तं अतीच. कूपनाच्या दुकानात मुनीम विचारे, नवऱ्याचं नाव? हे मले कोपरानं ढोसे, का बाई, सांगा ना. मी नसली तं धान्य न घेता वापस येई. एकदा गोठ्याले आग लागली तवाही त्याच्या नावानं हाक मारली नाई, थाळी बडवत बसली. अशी बाई एका दमात तीनदा लटारू-लटारू करन? दाल में काला हाये.

वकिलानं कागद मांडीवर ठेवला. मंग हळूच म्हणले, "मॅजिस्ट्रेट तं बाहेरगावचे, नवे. ते लटारूले ओळखत नोहते. तिनं नाव घेतलं नाई, तं खोलीत ते नाव सांगितलं कोणं? तिच्या बाजूले तुमी तं नोहत्या."

तवा मले उमगलं. भागीरथेनं सवयीनं कोणाले तरी ढोसलं असन. अन् ठाण्यावरून आणलेल्या बाईच्या बाजूले कोण उभा राहणार?

कबुली देताना पोलीस जवळ नाई पाहिजे, असा कायदा हाये म्हणते. कागदावर तसंच लिवलं होतं, का खोलीत पोलीस नोहता. नागपूरच्या हायकोर्टानं मॅजिस्ट्रेटाले पुन्हा साक्षीले बोलवाले लावलं. मीही साक्ष देल्ली, कूपनाच्या दुकानाचं सगळं सांगितलं. ते तिच्यासाठी नाई केलं. माह्या भावाच्या मरणावर कोणी खोटा कागद करन, हे मले खपत नाई.

वकिलानं मॅजिस्ट्रेटाले एवढंच विचारलं, "मयताचं नाव आरोपीनं स्वतः सांगितलं?"

माणूस खोटा नोहता. म्हणला, "नाही. ती गप्प राहिली. शेजारच्या हवालदाराने सांगितलं."

झालं. कबुली गेली, अन् मांगं दुसरं काईच नोहतं. भागीरथा सुटली.

सुटली, पण कुठी जाईन? माहेरी कोणी नाई. ते आली आमच्याच घरी, माह्यापाशी. कोर्टानं कागद खोटा ठरवला, लटारू कायनं मेला ते थोडीच सांगितलं? सात्याच इखारी निघाल्या, का आणखी काई, देव जाणे. तिनं पयल्या दिवशी भात वाढला अन् मी ताटाकडं पाहत बसली. तिनं ते ओळखलं. काई न बोलता माह्या ताटातला एक घास उचलला, खाल्ला, मंग म्हणली, "घ्या बाई." तवा मी जेवली. भावजयीचं उष्टं खाल्लं मी, पण तिच्या भरोशावर नाई. तवापासून दोन्ही वेळ तसंच चालू होतं.

काल धानाची रोवणी करून आलो, दोघीही थकल्या होतो. तिनं ताट वाढलं, माह्यासमोर ठेवलं, अन् घास न घेताच बाजूले बसली.

मी म्हटलं, "काऊन?"

"आज मी नाई खात तुमच्या ताटातलं," ते म्हणली. आवाज चढला नोहता. "ठाण्यावर मले मारलं, हो म्हण म्हणले, म्या हो म्हटलं. आता तुमच्यासमोर रोज घास खाऊन 'म्या नाई केलं' म्हणून राह्यली. कोर्टानं सोडलं मले, बाई. तुमी कवा सोडसान?"

मले कोणाचाच भरोसा नाई. भात होता अन् वांग्याची भाजी. मी घास घेतला. गिळेपर्यंत नजर तिच्यावरच होती माही, ते तिनं पाह्यलं.