साक्षीला पहारा

रेल्वे इस्पितळातल्या नर्स कुसुमावतींनी शेजारच्या लीलाला भर दुपारी मऊरानीपूरच्या गाडीत बसवून माहेरी धाडलं, आणि झाशीच्या प्रेम नगरातल्या त्या गल्लीत त्यांच्याशी कुणी बोलेनासं झालं. साल होतं १९५६.

लीला ही जयसिंगांची सून. नवऱ्यानं पिरगळून तिचा हात मोडला होता. "जिन्यावरून पडले," असं तिनं इस्पितळात सांगितलं.

पट्टी बांधता बांधता कुसुमावतींनी हळूच विचारलं, "तुमच्या घराला जिना कुठाय गं?"

तेव्हा ती जी रडायला लागली, ती थांबेचना.

लीलाच्या वडिलांनी झाशीच्या कोर्टात फिर्याद लावली. साक्षीदार एकच, कुसुमावती. दुसऱ्याच दिवशी जयसिंग दारात उभे.

"बाई, इथं आपली दक्षिणी, मराठी माणसांची घरं मोजकी. घरची गोष्ट कोर्टात नेऊन आपलीच शोभा होणार."

"मोडलेला हात मी पाहिला. तेवढंच सांगणार."

"इस्पितळाचा रस्ता लांब आहे," जयसिंग शांतपणे म्हणाले. "एकट्या जाता तुम्ही."

चार दिवसांनी त्यांच्या पुतण्यांनी सायकल अंगावर घालून कुसुमावतींना पाडलं. गुडघा फुटला. त्या तशाच लंगडत ठाण्यात गेल्या. दरोगा म्हणाला, "मोहल्ले का मामला है, दीदी. समझौता कर लो."

समझौता न करता त्यांनी रमाकांत वकिलांना गाठलं आणि संरक्षणाचा अर्ज टाकला.

मॅजिस्ट्रेटनी अर्ज वाचून विचारलं, "तुम्हाला रेल्वेचं क्वार्टर मिळू शकतं. खटला संपेपर्यंत तिकडे का राहत नाही?"

"साहेब, मी घर सोडलं, तर धमकी दिली की साक्षीदार पळतो, हे सगळ्या गल्लीला कळेल. पुढच्या पोरीसाठी मग कोण उभं राहील?"

साहेबांनी जयसिंग आणि पुतण्यांकडून शांततेचा मुचलका लिहून घेतला, आणि खटला संपेपर्यंत बाईंना पोलीस पहारा द्यावा असा हुकूम काढला.

शिपाई आला तो थेट जयसिंगांच्या ओट्यावर चहा पीत बसला. कुसुमावतींना पाहून म्हणाला, "माताजी, आप अंदर रहिए. कुछ नहीं होगा."

कुसुमावती आत गेल्या. पण इस्पितळाची पांढरी साडी नेसून, हुकमाची नक्कल हातात घेऊन त्या जयसिंगांच्याच ओट्यापुढे उभ्या राहिल्या.

"भैया, हा हुकूम माझ्या रक्षणाचा आहे, कैदेचा नाही. उठिए. माझ्या ड्यूटीची वेळ झाली."

शिपायानं कप खाली ठेवला. त्या दिवसापासून त्या मागची गल्ली सोडून भर बाजारातून जाऊ लागल्या. मागे शिपाई, आणि दुकानादुकानातून वळणाऱ्या माना. पुतणे पानवाल्यापाशी उभे असत. त्यांच्यासमोर आल्या की कुसुमावती मुद्दाम सावकाश चालत.

साक्षीच्या दिवशी समोरच्या वकिलानं आवाज चढवला, "मारताना तुम्ही पाहिलंत?"

"नाही."

"मग जिन्यावरून पडली नसेल कशावरून?"

"जिन्यावरून पडलेल्या बाईच्या दंडावर पाच बोटांचे वळ उठत नाहीत, वकीलसाहेब. तीस वर्षं माणसांचे हात बांधतेय मी."

लीलाच्या नवऱ्याला सहा महिन्यांची सजा झाली. कुसुमावतींना ती फार कमी वाटली, आणि तसं त्यांनी कोर्टाच्या व्हरांड्यात सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलून दाखवलं.

खटला संपला तसा पहाराही उठला. दुसऱ्या सकाळी त्या एकट्याच निघाल्या. जयसिंग ओट्यावर बसलेले. त्यांनी नजर वर केली. कुसुमावतींनीही खाली केली नाही. तेवढ्यात आतून जयसिंगांची बायको पार्वती बाहेर आली. डोक्यावरून पदर, पायांत चपला.

"थांबा ताई," ती म्हणाली. "मी येते इस्पितळात. पाठ दाखवायची आहे."

"पार्वती!" जयसिंग उठले.

ती वळली नाही. कुसुमावतींनी तिला रस्त्याच्या आतल्या बाजूला घेतलं आणि म्हणाल्या, "चला. जिना आहे का, ते मी विचारणार नाही."